चळवळीसोबत राहून माहितीपट कसा करावा: नव्यानं सुरुवात करणाऱ्यांसाठी

निपाणीच्या तंबाखू वखारींत काम करणाऱ्या बायकांनी संघटना बांधली, तेव्हा ‘युगांतर’ या स्त्रीवादी चित्रपट-गटानं १९८२ मध्ये त्यांच्याबरोबर माहितीपट केला. दीपा धनराज आणि त्यांचे सहकारी सुमारे चार महिने त्या बायकांमध्ये होते. वखारीतलं कुठलं काम दाखवायचं, संपातले कुठले प्रसंग पुन्हा करून दाखवायचे, हे बायकांशी बोलून ठरत गेलं. त्याआधी पुण्यातल्या मोलकरणींच्या संघटनेबरोबर याच गटानं असंच काम केलं होतं. तेव्हा चित्रीकरण १६ मिलिमीटरच्या फिल्मवर चाले. ४०० फुटांचं एक रीळ अकरा मिनिटांत संपायचं, त्यामुळे कॅमेरा सुरू करण्याआधी भरपूर बोलून घेणं भागच होतं.

आज फोनवर दिवसभर चित्रीकरण करता येतं आणि नेमकं ते आधीचं बोलणंच गळून पडतं. मोर्चाच्या दिवशी पोचायचं, चार घोषणा आणि दोन मुलाखती घ्यायच्या आणि संध्याकाळच्या गाडीनं परतायचं, ही बातमीची रीत झाली. चळवळीच्या आत राहून, तिच्यातल्या माणसांबरोबर फिल्म करायची असेल तर वेगळा क्रम लागतो. तो इथे दिला आहे. दोन-तीन जणांचा गट, बेताचे पैसे आणि वर्षभराची तयारी एवढं गृहीत धरलं आहे. सगळ्या पायऱ्यांत एक गोष्ट पुन्हा पुन्हा येईल: कुठला निर्णय कोणाचा, हे आधी ठरलेलं असलं पाहिजे. बहुतेक भांडणं ते न ठरल्यामुळे होतात.

१. कोणाबरोबर आणि किती काळ

चळवळ निवडताना तिचं वर्ष कसं चालतं ते आधी पाहा. ऊसतोड कामगारांचं उदाहरण घ्या. बीड आणि आसपासच्या जिल्ह्यांतून टोळ्या दिवाळीच्या सुमाराला पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात जातात आणि मार्च-एप्रिलपर्यंत परततात. तुम्ही फक्त जानेवारीत फडावर गेलात तर कोयता दिसेल, पण मुकादमाकडून हंगामाआधी घेतलेली उचल दिसणार नाही. परतल्यावर होणारा हिशेब आणि अंगावर राहिलेली बाकीही दिसणार नाही. मग फिल्म कष्टांची होते, कर्जाची होत नाही. म्हणून एक पूर्ण चक्र हा किमान काळ धरा. धरणग्रस्तांबरोबर असाल तर पावसाळा आणि कोर्टाच्या तारखा दोन्ही पकडाव्या लागतात. फेरीवाल्यांचं चक्र लहान असतं: हप्ता, कारवाई, जप्त माल सोडवणं, पुन्हा धंदा.

परवानगी एका नेत्याच्या तोंडी होकारावर घेऊ नका. संघटनेच्या कार्यकारिणीत विषय मांडा आणि ठराव लिहून घ्या. संपर्कासाठी दोन माणसं मागा. त्यांतलं एक पदाधिकारी नसावं आणि शक्यतो एक बाई असावी. संघटनेत उद्या फूट पडली तर नेत्याच्या शब्दावर आलेला कॅमेरा त्या गटाचा ठरतो आणि दुसरा गट दार लावून घेतो. ठराव असेल तर निदान बोलायला जागा राहते.

पैसे कोणाचे, हे पहिल्याच बैठकीत सांगून टाका. नंतर कळलं तर खरं कारण कितीही साधं असलं तरी संशय जात नाही. आणि अंदाजपत्रकात नवख्यांचा कॅमेरा मोठा आणि प्रवास-राहणं छोटं असतं. ते उलटं करा.

२. पहिले तीन-चार आठवडे कॅमेरा पिशवीतच

या काळात काम मागून घ्या. बैठकीआधी सतरंज्या घालणं, पत्रकं वाटणं, सभासद पावत्यांची नोंद, तहसीलदाराला द्यायचं निवेदन टाइप करणं, माहिती अधिकाराचा अर्ज लिहून देणं. यातलं शेवटचं काम सर्वांत उपयोगी. अर्ज लिहिताना कुठला कागद कुठल्या कार्यालयात अडला आहे ते कळतं. उत्तराची मुदत तीस दिवसांची असते, त्यामुळे चित्रीकरणासाठी एक तारीखही हाती येते.

तीन वह्या ठेवा. पहिलीत माणसं: कोण कोणाचं कोण, कोण बैठकीत बोलतं, कोण फक्त चहाच्या वेळी बोलतं. दुसरीत तारखा. तिसरीत जागा: कुठे वीज आहे, सकाळचा उजेड कुठून येतो, कुठे गिरणीचा किंवा पंपाचा आवाज कायम असतो. ही तिसरी वही बहुतेक जण ठेवत नाहीत आणि मग सगळ्यात चांगली मुलाखत पिठाच्या गिरणीखाली हरवते.

गावात तुम्हाला ‘टीव्हीवाले’ किंवा ‘सरकारी माणसं’ समजतील. ते पहिल्या दिवशीच खोडून काढा. फिल्ममुळे रेशनकार्ड मिळणार नाही, जमीन परत येणार नाही, कदाचित त्रासच वाढेल, हे स्पष्ट सांगा. आश्वासन न देता नुसतं मान डोलावणं हेही लोकांना आश्वासनच वाटतं.

राहण्याचं ठिकाण नेत्याचं घर नको. तिथे राहिलात तर रोज नेत्याच्याच चष्म्यातून गाव दिसेल. शाळेची खोली, समाजमंदिर किंवा एखाद्या साध्या सभासदाचं घर बरं. जेवणाचे पैसे घेणार नाहीत, मग शिधा भरून द्या.

३. कागदावर एक पान

करार एका पानाचा, मराठीत आणि मोठ्यानं वाचून दाखवता येईल असा हवा. त्यात निर्णयांची वाटणी तीन ठिकाणी करा.

ज्याचा चेहरा आणि शब्द, त्याचा त्यावर हक्क. ठरलेल्या तारखेपर्यंत कोणीही आपला भाग काढून घेऊ शकतो, कारण न सांगता. जिवाला किंवा कामाला धोका असेल तर त्या तारखेनंतरही.

संघटनेकडे वस्तुस्थितीबद्दलची हरकत आणि वेळ हे दोन अधिकार असावेत. वाटाघाटी चालू असताना फिल्म बाहेर आली तर बोलणी फिसकटू शकतात. त्यामुळे प्रदर्शन किती काळ पुढे ढकलता येईल त्याची मर्यादा, समजा तीन महिने, लिहून ठेवा.

बाकीचं, म्हणजे रचना, क्रम, कशावर भर आणि कशावर टीका, हे फिल्म करणाऱ्यांकडे. शेवटचा काट, म्हणजे अंतिम संकलनाचा निर्णय, संघटनेच्या हाती देऊ नये, असं आमचं स्पष्ट मत आहे. दिला की आतले मतभेद, बायकांची पदाधिकाऱ्यांबद्दलची तक्रार, फसलेला संप हे सगळं गुळगुळीत होऊन प्रचारपट उरतो आणि तो संघटनेच्याही कामाचा राहत नाही. मात्र मान्य न केलेली प्रत्येक हरकत का मान्य केली नाही, ते बैठकीत समोरासमोर सांगायचं, हे करारात घाला.

१९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा कर्ता निर्माता असतो. म्हणून निर्माता म्हणून कोणाचं नाव लागणार याला महत्त्व आहे. संघटनेला विनामूल्य दाखवण्याचा हक्क, न वापरलेलं चित्रीकरण वापरण्याचा हक्क आणि मिळकत झाली तर तिची वाटणी, हे तिन्ही लिहा. शाहिरांच्या गाण्यांची परवानगी वेगळी घ्या. गाणं लिहिणारा, चाल लावणारा आणि गाणारा हे तीन निराळे असू शकतात. “चळवळीचं गाणं आहे, सगळ्यांचंच आहे” हे वाक्य गाणाऱ्यानं म्हणावं, तुम्ही नाही.

संमती तीनदा घ्यायची: चित्रीकरणाआधी, स्वतःचा भाग पाहिल्यावर आणि फिल्म बाहेर पडण्याआधी. इंग्रजी छापील अर्जावर अंगठा घेऊन काही साधत नाही. कॅमेऱ्यासमोर त्या माणसाच्या बोलीत रेकॉर्ड करा. गावात दाखवणं, महोत्सवात दाखवणं आणि इंटरनेटवर टाकणं यांना वेगवेगळं विचारा. पहिल्या दोन्हींना हो म्हणणारे अनेक जण तिसऱ्याला नाही म्हणतात आणि त्यांना तसं म्हणता आलं पाहिजे. लैंगिक अत्याचारातली पीडित व्यक्ती आणि अशा गुन्ह्यातली मुलं यांची ओळख उघड करणं कायद्यानं गुन्हा आहे, तिथे घरच्यांच्या संमतीवर विसंबून राहू नका.

ओळख लपवायची असेल तर चित्रीकरण करतानाच लपवा: उजेडाकडे पाठ, हात, सावली. नंतर चेहरा धूसर केला तरी मूळ फाइल उघडीच राहते. शिवाय माणूस फक्त चेहऱ्यावरून ओळखू येत नाही. हातावरचं गोंदण, बांगड्या, घराच्या भिंतीचा रंग, दारातल्या गाडीचा नंबर, खोकण्याची ढब यांवरून अख्खं गाव सांगतं कोण ते.

४. साहित्य: कमी आणि ओळखीचं

चांगला फोन किंवा छोटा कॅमेरा पुरतो. सेकंदाला २५ चौकटी आणि शटर १/५० ठेवा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्‌झची असल्यानं १/६० ठेवलं तर ट्यूबलाइट आणि स्वस्त एलईडीखाली चित्रात पट्टे फिरतात. ५० मेगाबिटच्या दरानं एका तासाला साधारण २२ जीबी लागतात, १०० मेगाबिटला ४५. वर्षभराचा हिशेब यावरूनच करा. बहुतेक वेळा १०८० रेषांचं चित्र पुरेसं असतं आणि डिस्कचे पैसे वाचतात.

भिंग २४ ते ३५ मिलिमीटरच्या आसपासचं. त्यानं तुम्हाला जवळ जावं लागतं. जवळ गेलात की समोरच्याला तुम्ही दिसता आणि त्याला नाही म्हणता येतं. लांबून झूम लावून टिपलेलं रडू ही चोरी आहे.

पैसे आवाजावर खर्च करा. एक कॉलर माइक, एक गन माइक, त्यावर केसाळ वाराटोपी आणि कान पूर्ण झाकणारा हेडफोन. बोलण्याची पातळी उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवा. घोषणांसाठी दुसऱ्या ट्रॅकवर उणे २०, कारण “झिंदाबाद”वर पहिला ट्रॅक फाटतोच. फोन विमान मोडवर टाका, नाहीतर कॉल येऊन रेकॉर्डिंग तुटतं.

ड्रोन नवख्यांनी विसरावा. भूसंपादनाच्या गावात ड्रोन दिसला की मोजणी आली असंच वाटतं आणि महिनाभरात कमावलेलं एका दुपारी जातं.

५. चित्रीकरण

बैठकीत नेत्याच्या मागे किंवा शेजारी उभं राहू नका, गोलात बसा. सगळे सतरंजीवर बसलेले असताना कॅमेरा उभ्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवर असेल तर सगळी सभा वरून पाहिल्यासारखी दिसते. छोटा तिपाई मांडीच्या उंचीवर लावा. बोलणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्यांवर जास्त वेळ थांबा. निर्णय त्यांच्या चेहऱ्यावर आधी उमटतो. “बंद करा” असं कोणीही म्हटलं की वाद न घालता भिंगावर झाकण लावायचं आणि कॅमेरा खाली ठेवायचा, सगळ्यांना दिसेल असा. लाल दिवा झाकून चालू ठेवलेला कॅमेरा एकदा जरी पकडला गेला तरी फिल्म संपली.

कामाचं चित्रीकरण सर्वांत दुर्लक्षित आणि सर्वांत मोलाचं. पुन्हा फडाचंच घेऊ. पहाटे टोळी सरीला लागते. कोयत्यानं बुडख्याशी घाव, मग शेंड्याचं वाढं उडवायचं, पाचट सोलायचं, ऊस मागे टाकायचा. दोघांपैकी एक तोडतं, एक मोळी बांधतं, आणि ते बांधायला वाढ्याचाच पेंढा. मग मोळी डोक्यावर घेऊन ट्रकला लावलेल्या फळीवरून वर. यातली प्रत्येक क्रिया आरंभापासून शेवटपर्यंत तीन अंतरांवरून घ्या: पूर्ण फड, पूर्ण माणूस, फक्त हात. प्रत्येक शॉट किमान वीस सेकंद धरा. क्रिया संपली असं वाटल्यावर मनात दहापर्यंत मोजा आणि मगच थांबवा. तेवढ्या वेळात माणूस कंबर सरळ करतो, पदरानं घाम पुसतो, शेजारणीशी बोलतो. संकलनात तेच लागतं. कोयत्याच्या मागच्या बाजूला कधीही उभं राहू नका. झटका मागे येतो आणि तोडणाऱ्याला तुम्ही दिसत नसता. ट्रक रात्री येईल तेव्हा भरणी रात्री होते. कोपीवर, म्हणजे टोळीच्या झोपड्यांवर, वीज नसण्याची शक्यता धरूनच बॅटऱ्या गावातून भरून आणा, निदान चार. आणि दोन-तीन दिवस कॅमेरा बाजूला ठेवून मोळ्या वाहा. फळीवर चढताना पाय कुठे घसरतो हे कळल्यावर कॅमेरा कुठे ठेवायचा तेही कळतं.

मोर्चात एकट्यानं जाऊ नका. एकानं चित्रीकरण करायचं, दुसऱ्यानं त्याच्या पाठीला हात ठेवून उलट चालताना सांभाळायचं. मार्ग आदल्या दिवशी चालून पाहा. वकिलाचा नंबर पेनानं मनगटावर लिहा, फोन काढून घेतला जाऊ शकतो. जमावबंदीचा आदेश आहे का, कुठल्या कलमाखाली आहे (भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १६३ की महाराष्ट्र पोलीस कायद्याचं कलम ३७) आणि कुठल्या हद्दीत, हे आयोजकांकडून आधी माहीत करून घ्या.

लाठीमार किंवा धरपकड सुरू झाली तर आधी रुंद चित्र घ्या, जागा ओळखू येईल असं. मग न थांबवता सलग. तारीख, वेळ आणि ठिकाण मोठ्यानं बोला. तुकड्यातुकड्यांत घेतलेलं चित्रण कोर्टात लगेच प्रश्नात येतं. पुरावा म्हणून द्यायचं झाल्यास भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र लागतं आणि त्यात फाइलचं हॅश मूल्य, म्हणजे फाइल जराही बदलली की बदलणारा तिचा आकडी ठसा, द्यावं लागतं. म्हणून मूळ फाइल कापू नका, नाव बदलू नका, व्हॉट्सअॅपवरून पाठवू नका. तिथून ती दाबून लहान होते आणि मूळ राहत नाही. उलट बाजूही लक्षात ठेवा. तुमचं चित्रण जप्त होऊन त्यातूनच मोर्चेकऱ्यांची ओळख पटवली जाऊ शकते आणि घेतलेलं नंतर पुसणं हा तुमच्यावरचा गुन्हा होऊ शकतो. काय टिपायचं नाही, हे बटण दाबण्याआधी ठरवायला हवं आणि वकिलाला विचारून.

मुलाखती सर्वांत शेवटी ठेवा. “कसं वाटलं?” विचारलंत की “वाईट वाटलं” एवढंच मिळतं. “त्या दिवशी सकाळी उठल्यापासून सांगा” म्हटलं की चूल, पाणी, आलेला फोन, सगळं येतं. बायकांशी बोलताना सासू किंवा पदाधिकारी शेजारी नको, मात्र मैत्रीण शेजारी असेल तर बोलणं उलट खुलतं. उत्तर संपल्यावर चार सेकंद गप्प राहा. खोली सोडण्याआधी मिनिटभर कोणी न बोलता तिथला आवाज रेकॉर्ड करा, संकलनात सांधे जोडायला लागतो.

निपाणीसारखा एखादा घडून गेलेला प्रसंग लोकांनीच पुन्हा उभा करायचा ठरवला तर जरूर करा. तो पुन्हा केलेला आहे हे पडद्यावर दिसू द्या.

६. रोज रात्रीचा तास

कितीही दमला असाल तरी झोपण्याआधी दोन वेगळ्या डिस्कवर प्रती. तिसरी आठवड्यातून एकदा वेगळ्या गावी. फाइलींची संख्या आणि आकार जुळवल्याशिवाय कार्ड पुसायचं नाही. फोल्डरचं नाव तारीख-गाव-कॅमेरा असं ठेवा, माणसांची नावं नकोत. माणसांना क्रमांक द्या आणि नाव-क्रमांकाची यादी तिसऱ्याच ठिकाणी ठेवा. डिस्कला पासवर्डनं कुलूप घाला.

त्याच तासात पाच ओळी लिहा: आज काय मिळालं, काय सुटलं, कोणी काय दाखवू नका म्हटलं. ही शेवटची ओळ महत्त्वाची, सहा महिन्यांनी कोणाच्याही लक्षात नसते. एका तासाचं बोलणं शब्दशः उतरवायला चार-पाच तास लागतात. ते साचू दिलंत तर शेवटी उतरवून न घेताच संकलन करण्याचा मोह होतो.

७. चित्रण परत दाखवणं

याशिवाय वरच्या सगळ्याला काही अर्थ नाही. १९६७ मध्ये कॅनडाच्या फोगो बेटावर राष्ट्रीय चित्रपट मंडळानं हाच मार्ग धरला होता: बेटावरच्यांचं चित्रण आधी त्यांनाच दाखवायचं आणि त्यांना नको असेल ते वगळायचं. गावागावांत एकमेकांचं बोलणं पडद्यावर पाहून लोक आपसात बोलू लागले. चर्चा चित्रणामुळे सुरू झाली, फिल्म नंतर आली.

दर चार ते सहा आठवड्यांनी एक खेळ ठेवा. वीस मिनिटांपेक्षा जास्त नको. संगीत नको, सजावट नको. फार गोळीबंद कापलेलं दाखवलं तर लोकांना वाटतं फिल्म झाली आहे, आता काय बोलायचं. खोलीत ३००० ल्युमेनचा प्रोजेक्टर चालतो, अंगणात मात्र पूर्ण अंधार पडेपर्यंत थांबा. पांढरी चादर चारही टोकांनी ताणून बांधा आणि खाली काठी घाला, वाऱ्यानं फडफडली की चेहरे वाकडे होतात आणि पोरं त्यावरच हसत बसतात. स्पीकर पडद्याशेजारी ठेवा, प्रोजेक्टरशेजारी नको. तक्रार चित्राची क्वचित येते, आवाजाची नेहमी. गावात जेवणानंतर नऊची वेळ ठीक, फडावर सातच्या पुढे जाऊ नका, त्यांना पहाटे उठायचं असतं.

ज्यांच्या मुलाखती आहेत त्यांना त्यांचा भाग आधी एकट्यानं दाखवा. सगळ्यांसमोर पहिल्यांदा स्वतःला पाहणारी बाई “हे काढा” असं सगळ्यांसमोर म्हणू शकत नाही.

पहिल्या खेळात फक्त हशा होईल. कोण कसं दिसलं, कोणाची म्हैस मधे आली. त्यातून मत समजत नाही, म्हणून तेच वीस मिनिटं लगेच दुसऱ्यांदा दाखवा. मग विचारा: यात काय चुकीचं आहे? काय राहिलं? कोणाला दाखवलं तर त्रास होईल? पहिलं बोलणं अध्यक्षांचं झालं तर बाकीचे “बरोबर आहे” म्हणून उठतात. तेव्हा सुरुवात मागे बसलेल्या पोरीपासून करा. अध्यक्षांना आधीच तशी विनंती करून ठेवली तर ते रागावत नाहीत. प्रत्येक हरकत वहीत, आणि पुढच्या खेळाच्या सुरुवातीला तिचं काय केलं त्याचं उत्तर. परवानगी असेल तर ही चर्चाच चित्रित करा. “पगार वाढला म्हणतोस, पण माझ्या हातात किती आले ते का नाही दाखवलं?” अशा तोडीचा संवाद कुठल्याही मुलाखतीत मिळत नाही.

एक अडचण हमखास येते. भावकीच्या किंवा गटाच्या भांडणातून कोणीतरी दुसऱ्याचा भाग काढायला सांगतं. करारात हक्क ज्याच्या-त्याच्या भागापुरता आहे, ते पान काढून वाचून दाखवा.

८. संकलन

उतरवलेल्या बोलण्यातून चिठ्ठ्या करा, भिंतीवर लावा, संपर्काच्या दोघांना बोलवा. मशीनला हात लावण्याआधी कागदावर क्रम लागला पाहिजे. तीन लांब्या तयार करा: फोनवर फिरवायला तीन मिनिटं, बैठकीत दाखवून चर्चा करायला वीस-पंचवीस मिनिटं, आणि पूर्ण फिल्म. संघटनेच्या कामाची मधली. निपाणीची फिल्मही त्याच मापाची होती.

निवेदन जमेल तितकं कमी. बोली सुधारू नका, उपशीर्षकांतही. ‘व्हतं’चं ‘होतं’ करून कोणाचा मान वाढत नाही. आणि मजुरीच्या हिशेबावर करुण बासरी लावायचा मोह प्रत्येकाला होतो. आकडा पुरेसा वाईट असतो.

समोरच्या बाजूला, म्हणजे कारखाना, महापालिका किंवा मुकादम संघटनेला, लेखी प्रश्न द्या आणि उत्तराची तारीख द्या. उत्तर आलं नाही तर तसं पडद्यावर लिहा. कच्चा काट तिघांना दाखवा: चळवळीतल्या प्रतिनिधींना, विषय अजिबात माहीत नसलेल्या कोणाला आणि वकिलाला. याच क्रमानं.

९. दाखवणं

पहिला खेळ फिल्ममधल्या लोकांसाठी, त्यांच्या वस्तीत. महोत्सव आधी पाहिजे म्हणून त्यांना थांबवलंत तर केलेलं सगळं पाण्यात.

सार्वजनिक प्रदर्शनाला १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याखाली प्रमाणपत्र लागतं. अर्ज ऑनलाइन होतो. सेन्सॉर बोर्डानं काट सुचवले आणि ते मान्य नसतील तर २०२१ मध्ये अपील न्यायाधिकरण रद्द झाल्यापासून उच्च न्यायालयात जावं लागतं. वेळ आणि वकील यांचा हिशेब आधीच करा. हा मार्ग बंद मात्र नाही. माहितीपटकार आनंद पटवर्धन यांचा अण्वस्त्रांवरचा माहितीपट २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं एकही काट न घेता मोकळा केला होता. पुढच्या वर्षी मुंबईच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात नाकारल्या गेलेल्या फिल्म्सचा ‘विकल्प’ हा समांतर महोत्सव माहितीपटकारांनी स्वतःच भरवला.

खेळानंतर तासभर चर्चेला ठेवा. व्यासपीठावर चळवळीतलं माणूस बसावं, दिग्दर्शक कडेला. शहरातले प्रेक्षक कॅमेऱ्याबद्दल विचारत राहतात, तो प्रश्न दोन वाक्यांत संपवून मूळ मागणीकडे वळवणं हे सूत्रसंचालकाचं काम.

१०. जपणूक

आनंद पटवर्धनांच्याच मुंबईतल्या झोपडपट्ट्यांवरच्या १९८५ च्या माहितीपटात शाहीर विलास घोगरे गायले होते. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले, त्यानंतर काही दिवसांत घोगऱ्यांनी जीव दिला. पटवर्धनांनी तिथून सुरू केलेली ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण व्हायला चौदा वर्षं लागली. तिच्यात घोगऱ्यांचा आवाज ऐकू येतो तो जुनं चित्रण जपलेलं होतं म्हणून. तुमच्या फिल्ममध्ये न आलेल्या शंभर तासांत उद्या कोणाला काय लागेल, ते आज सांगता येत नाही.

हार्ड डिस्क कपाटात ठेवून विसरली तर बंद पडते. वर्षातून एकदा लावून पाहा, चार-पाच वर्षांनी नव्या डिस्कवर उतरवा. संघटनेला संपूर्ण चित्रणाची प्रत द्या, पण ज्यांनी आपला भाग मागे घेतला तो त्यात नको. सोबत छापील सूची हवी: तारीख, गाव, विषय, क्रमांक. सूची नसलेली डिस्क कोणी उघडत नाही. पासवर्ड दोन पदाधिकाऱ्यांकडे ठेवा आणि निवडणुकीनंतर पदं बदलली की तो नव्यांकडे गेला का, ते फोन करून विचारा.